घोड्याचे मागचे पाय

लीड्सच्या नाट्यगृहाच्या दारावर चिठ्ठी लागली: नायक आजारी, आज राजाची भूमिका नॉर्मन थ्वेट करतील. आता निम्मी रांग घरी जाणार, असं नॉर्मनच्या बायकोला, ग्लेनिसला वाटलं. तिच्या पुढेच दोन म्हाताऱ्या उभ्या होत्या.

“कोण गं हा थ्वेट? पैसे परत घेऊ या, डोरा.”

“अगं, टीव्हीवर पाद्री झालेला तो. त्या खुनाच्या मालिकेत प्रेतही.”

“प्रेताला कसला आलाय अभिनय!”

“आणि नाताळच्या नाटकातला घोडा? एका सोंगात दोघं जण, पुढचे पाय माझ्या भाच्याचे, मागचे ह्याचे.”

“तो लाजणारा घोडा? हसून हसून माझी कवळी पडली होती!”

“तोच.”

“अगं, लाजत होते ते मागचेच पाय! सरक पुढे. आज चेहरा तरी बघू त्याचा.”