गुरगुर कोणाची?

आदरणीय अध्यक्ष रामलालजी, व्यासपीठावर विराजमान पाहुणेमंडळी, आजचे सत्कारमूर्ती केशोराव बिसेन सर आणि समोर बसलेल्या माझ्या गोरेगावकरांनो,

'विराजमान' म्हटलं खरं, पण ग्रंथालयातल्या या रेणूला चौघांनी व्हीलचेअरसकट उचलून विराजमान केलंय. पाच पायऱ्या, रॅम्प नाही. आणि ते चौघे गेले नाश्त्याला! म्हणजे ते येईस्तोवर मी इथं अडकले, आणि माझ्यासोबत तुम्हीही.

सरांच्या चित्रपट मंडळानं आपल्याला काय नाही दाखवलं? पण दरवर्षी एक खेळ ठरलेला, तो जुना मुका भयपट. वाकड्या पायांचा माणूस तळघरातून वर येतो, गाव किंचाळतं, शेवटी त्याला पुन्हा तळघरात कोंडतात आणि आपण टाळ्या वाजवतो. सर पडद्याशेजारी उभे राहून गोष्ट सांगत. तो माणूस दिसला की माईकवर अशी गुरगुर काढत, की बाया लेकरांना पोटाशी धरत.

मी नऊ वर्षांची होते. दुसऱ्या दिवशी मला बघून अख्खा वर्ग गुरगुरला. पंचवीस वर्षं झाली, आठवडी बाजारात अजून कोणी ना कोणी गुरगुरतंच. हसून घेते मी. पण राग येतो हो, फार येतो.

मागच्या महिन्यात सरांच्या घरी गेले आणि म्हटलं, हा सिनेमा बंद करा. सर म्हणाले, आधी सोबत बघू. त्या दिवशी सरांनी ना गोष्ट सांगितली, ना गुरगुर काढली, आणि मी पहिल्यांदा त्या माणसाचं तोंड नीट पाहिलं. तो तर बोलत होता! दारात उभा राहून, ओंजळ पुढे करून, बहुतेक पाणी मागत होता. बाकी सगळ्यांच्या बोलण्याच्या पाट्या पडद्यावर येतात, त्याची एकही नाही. हा सिनेमावाल्यांचा दोष, तो मी माफ करत नाही. पण गुरगुर?

सरांनी सिनेमा थांबवला. मग म्हणाले, "गुरगुर त माहीच होती, रेणू."

आता मी सिनेमा बंद करा म्हणत नाही. थोड्या वेळानं तोच खेळ आहे, सरांचा निवृत्तीआधीचा शेवटचा. सर, एवढंच मागते, तो दारात आला की गप्प राहा. लोकांना त्याचे ओठ बघू द्या.

मंडळानं बोलू दिलं, आभारी आहे. काही उणंअधिक बोलले असेन तर पोटात घाला. आणि टाळ्या तेवढ्या नकोत, तुमचे दोन्ही हात या व्हीलचेअरला लागणार आहेत. मला खाली उतरवा. आज मला पहिल्या रांगेत बसायचंय.