स्टर्क म्हणजे कोण

— नाही नाही, ती खुर्ची नको मास्तर, ही घ्या, ही दारापाशी ठेवलीय ती. हां, अजून थोडी मागे रेटा — अजून — पाठ दाराला टेकली पाहिजे. टेकली? मग बसा निवांत. हलू मात्र नका. तर काय विचारत होतात? स्टर्क. एका शब्दासाठी तुम्ही आबर्डीनहून आलात? सकाळची बस पकडून, एवढा चिखल तुडवून, गळ्यात टाय बांधून? आणि ही वही केवढी हो! माझ्या लग्नाच्या रजिस्टरापेक्षा जाड. असू दे, असू दे, शहरात काय, काहीही काम म्हणून चालतं. तुम्हाला पाठवलं कुणी माझ्याकडे, पोस्टातल्या बाईनं ना? तिला माहीतच आहे — एल्स्पेट मचला, म्हणजे मला, एकदा बोलायला बसवलं की शेजारच्या तीन शेतांवरच्या कोंबड्या कंटाळून झोपतात. चहा घ्या. ओटची भाकरी घ्या, लोणी लावा भरपूर. मी तुम्हाला बऱ्या खोलीतच बसवणार होते हो, रिवाजच आहे आमचा, कॉलरवाला माणूस आला की बरी खोली उघडायची, पाद्री आला की उघडायची, आणि कुणी गेलं की उघडायची — एरवी त्या खोलीत माशीसुद्धा पाय पुसून जाते. पण आज तिथे धूर होतोय. धुराडं तुंबलंय. म्हणून इथे, स्वयंपाकघरात. वाईट वाटून घेऊ नका.

तर लिहा. स्टर्क म्हणजे — आता कसं सांगू तुम्हाला — वासरू असतं ना, ते आईचं दूध सोडतं, तिथून स्टर्क सुरू. आणि दोन वर्षांचं झालं की स्टर्क संपलं. मधलं जे काय असतं ते. वासरू म्हणावं तर तुमच्या पायावर पाय देऊन बोटं मोडेल एवढं वजन, आणि मोठं जनावर म्हणावं तर अक्कल नावाला नाही. नर की मादी? दोन्ही हो, आमच्याकडे दोन्ही. नदीपलीकडचे म्हणतात फक्त नर, पण त्यांचं काय घेऊन बसलात, ते लोक लापशीत साखर घालतात! मीठ नाही, साखर! लिहू नका ते. किंवा लिहाच, कळू दे लोकांना. तर आमच्याकडे गोऱ्हाही स्टर्क आणि कालवडही स्टर्क, आणि खरं सांगू का, वागायला दोघं सारखीच, म्हणजे वाईट.

— तो? तो आवाज होय? तो माझा दीर. झोपलाय आत. हो, बऱ्या खोलीत. धूर? हां, धूर आहेच, त्याला आवडतो धूर, छातीला बरा म्हणतात. जाडा आहे फार, कूस बदलली की फळ्या करकरतात. तुम्ही लक्ष देऊ नका, खुर्ची तेवढी घट्ट धरून बसा.

दुसरा अर्थ आहे ना. आहे तर! माणसालाही म्हणतात स्टर्क — मोठा झालाय पण डोक्यात उजेड पडलेला नाही असा बाप्या. बायकांना सहसा नाही म्हणत, का कोण जाणे, गरजच पडली नसेल. वापर सांगू? माझा नवरा, वुल, मला लग्नाचं विचारायला आला तेव्हाची गोष्ट. फाटकापाशी उभा राहिला आणि पाऊण तास हवेबद्दल बोलला. पाऊण तास! वारा कुठून येतोय, सलगम कसे कुजतायत, पुन्हा वारा. माझ्या हातात दुधाची बादली, हात गळून गेले. शेवटी म्हटलं, ‘अरे स्टर्का, विचारायचंय ते विचार, दूध नासायला आलं!’ तर म्हणतो कसा, ‘तेच विचारत होतो मी.’ पन्नास वर्षं झाली. एकोणपन्नास. पन्नासावं पुरं नाही केलं त्यानं, गेल्या वर्षी फेब्रुवारीत गेला, बर्फ होतं, चांगला माणूस होता हो, पण घाई कधी केली नाही कशाची, फक्त मरायचीच केली. — लिहिलंत? ‘अरे स्टर्का.’ प्रेमानंही म्हणतात, तेही लिहा.

आता तिसरा. हा तुम्हाला पुस्तकात सापडायचा नाही. घरात नवं बाळ आलं, की आधीचं पोर आईच्या कुशीतून उठवून आजोबांजवळ झोपवतात, बरोबर? त्याला आम्ही म्हणतो, पोराला स्टर्कच्या खणात घातलं. गोठ्यात कसं, गायीला नवं वासरू झालं की जुन्याला उचलून पलीकडच्या खणात बांधतात, तसं. सगळे म्हणतात, त्यात वाईट काही नाही, पोरांना चिडवायला म्हणतात. माझा डॉड — माझा मुलगा, आता अडतीस वर्षांचा दांडगा आहे, शेत तोच बघतो — तो होता चार वर्षांचा, आणि त्याची बहीण झाली. सगळ्या आलेल्या-गेलेल्यांनी त्याला तेच ऐकवलं, ‘काय डॉड, गेलास ना स्टर्कच्या खणात?’ आणि रात्रीच्या जेवणाला बघतो तर पोर गायब. विहिरीत बघितलं, ओढ्यात बघितलं, वुलनं तर शेणाच्या खड्ड्यात काठी घालून बघितली. सापडला कुठे? गोठ्यात, स्टर्कच्या खणात, पेंढ्यावर, आपली उशी घेऊन! मला म्हणतो, ‘मी काय केलं होतं गं आई?’ ... असो. हसू आलं होतं सगळ्यांना. मलाही आलं होतं. तुम्ही लिहा.

— अगंबाई. ऐकलंत? नाही, आतलं नाही, बाहेरचं. लॉरी. फाटकातून लॉरी आली. किती वाजले? अकरा? म्हणजे वेळेवर आला मेला, एरवी कधी बाराच्या आत येत नाही. खुर्ची सोडू नका मास्तर! काही नाही हो, टरिफच्या बाजारात जायचेत आज बारा स्टर्क, त्याची लॉरी. बारा. म्हणजे — अकरा सापडलेत डॉडला. बारावा सापडत नाहीये. सकाळपासून ओढ्याकाठी फिरतोय तो, सलगमच्या रानात जाऊन आला, शेजाऱ्यांकडे विचारून आला. कुठे गेला असेल? मला काय माहीत! मी म्हातारी बाई, संधिवाताची, माझ्यानं एवढं मोठं जनावर हलणार आहे का, चौदा महिन्यांचं, काळंकुळकुळीत, बिनशिंगाचं, ज्याला मागच्या डाव्या पायाच्या वर खाजवलेलं आवडतं —

मिटा ती वही.

तोंडही मिटा. हो, आत आहे. बऱ्या खोलीत. दीर मरून वीस वर्षं झाली माझा, आणि तो हडकुळा होता. पहाटे डॉड धारा काढत होता तेव्हा आणला मी, पुढच्या दारानं, ओटची भाकरी दाखवत दाखवत. ते पुढचं दार वुलला नेलं तेव्हा उघडलं होतं, त्यानंतर आज. कडी गंजली होती, लोणी लावलं कडीला. आला हो शहाण्यासारखा, पायपुसणं ओलांडून! आत मोठं बायबल आहे, वुलचा फोटो आहे, सासूबाईंची कुंडी आहे शोभेची — होती, आता ती खाल्ली असणार त्यानं — आणि शेल्फावर चिनी मातीचे दोन कुत्रे आहेत, लग्नातले. एक मगाशी गेला. तुम्ही शिंकलात ना, तेव्हा.

असं बघू नका माझ्याकडे. मला माहीत आहे ते काय ते. विकायच्या जनावराला नाव द्यायचं नाही, हे ह्या घरात मीच शिकवलंय सगळ्यांना. डॉड लहानपणी रडायचा लॉरी आली की, मी म्हणायचे, डोळे पूस, नाव दिलंस ना, मग भोग. शेजारची मॅगी स्टर्कसाठी रडली तर तिला मी वर्षभर बोलले. आणि हेक्टर तर — म्हणजे तो. नाव नाही दिलेलं मी. हेक्टर असं आपलं बोलण्यात आलं. काय करू हो मास्तर? वुल गेला त्याच आठवड्यात ह्या हेक्टरची आई विताना गेली. डॉडनं ते ओलं गाठोडं आणून टाकलं इथे, चुलीपुढे, म्हणाला, ‘जगायचं नाही हे.’ आणि मी चार-चार तासांनी उठून बाटलीनं पाजलं त्याला. कुणीतरी भुकेनं ओरडतंय म्हणून उठायचं, एवढंच कारण होतं मला उठायला तेव्हा. नाहीतर कशाला उठले असते मी? आता हे डॉडला सांगायचं कसं? आमच्याकडे नाही बोलत असलं. आई आणि मुलगा काय बोलतात? वाऱ्याबद्दल बोलतात. सलगमबद्दल. आणि तो बिचारा हिशोबी नाही हो, पण शेत म्हटलं की बारा म्हणजे बारा, बाजाराचा दिवस आला की सगळे जाणार, त्यात माझं तोंड नाही चालत, मीच तोंड शिवून ठेवलंय माझं. आज फक्त लॉरी जाऊ दे. पुढचं पुढे. तुम्ही आलात, म्हटलं, देवानंच पाठवला, शंभर किलोचा नाही पण माणूस आहे, दाराशी बसेल —

आला! डॉड आला! विचारा काहीतरी, पटकन, शब्द विचारा —

— तर लापशीत मीठच घालायचं, मास्तर, मीठच. अरे डॉड! ये ना. हे आबर्डीनचे मास्तर, शब्द गोळा करतात. पाय पुस. सापडला का रे? नाही? अरेरे. जाईल कुठे, येईल. तू सांग त्या लॉरीवाल्याला, जा म्हणावं अकरा घेऊन, कशाला खोळंबा... काय? कुठे बसवलंय? इथे बसवलंय, दिसतंय ना तुला. हो, टाय आहे त्यांना. आहे कॉलर, बघितली मी. बऱ्या खोलीत का नाही? ... अरे तिथे — धूर. धूर होतोय. शेगडी पेटवलीच नाही हे बरोबर आहे, न पेटवताच होतोय, जुनं धुराडं आहे. मागच्या महिन्यात विम्याच्या माणसाला बसवलं होतं, हो, माहीत आहे, खत विकणाऱ्यालासुद्धा बसवलं होतं, पण मास्तर साधे आहेत, मास्तरांनाच इथे आवडलं, हो ना मास्तर? मान हलवा. बघ, हलवली.

— तो? तो मास्तरांनी काढला आवाज. हंबरडा कसला, शब्दकोश आहे तो! जनावरांचे आवाजही लिहून घेतात ते हल्ली. खोटं वाटतं? मास्तर, काढा बघू पुन्हा. काढा ना. लाजता काय, डॉड घरचाच आहे —

... अरे देवा. आबर्डीनमधली गुरं अशी ओरडतात? आजारी आहेत का?

डॉड. डॉड, असा बघू नकोस. काही बोल तरी. — गेला. तुमच्याकडे बघितलं, दाराकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि टोपी घालून गेला. कळलं त्याला. कळणारच, ह्या घरात जन्म गेला त्याचा, टायवाला माणूस चुलीजवळ बसलेला कधी बघितलाय त्यानं! माझंच चुकलं, तुम्हाला टाय काढायला सांगायला हवं होतं. उठू नका! सरका जरा, खिडकीतून मान वाकडी केली की तो कोपरा दिसतो... बऱ्या खोलीच्या खिडकीशी उभा आहे. आत बघतोय. बघतोच आहे. आता जाऊन दोर आणेल. आणणारच, त्याचं काय चुकलं, मीच शिकवलंय. लॉरीकडे चालला. बोलतोय त्या माणसाशी. तो माणूस बोटांवर मोजून दाखवतोय. डॉड मान हलवतोय — नाही म्हणतोय की हो म्हणतोय? तुमचे डोळे तरुण आहेत, सांगा ना! लॉरीची मागची फळी वर केली. कडी लावली. मास्तर, कडी लावली त्यानं!

गेली. वळणावरून गेली बघा. डॉड इकडेच येतोय... नाही, गोठ्यात गेला. रागावलाय. रागावू दे, आता दिवसभर बोलायचा नाही, तसाही कुठे बोलतो. मी चहा टाकते त्याला, साखर जास्त — आला बाहेर. हातात काय आहे त्याच्या? एवढं कवेत धरून काय चाललंय? दोर नाही तो. पेंढा आहे.

खिडकी उघडली त्यानं. बऱ्या खोलीची. माझ्या सासूबाईंनी सुद्धा कधी उघडली नव्हती ती. पेंढा आत टाकतोय. पुन्हा चाललाय आणायला. सगळा गालिचा... आणि हात आत घातलाय त्यानं, कोपरापर्यंत. हेक्टरच्या मागच्या डाव्या पायावर खाजवतोय. त्याला कुणी सांगितलं ते? मी तर कधी कुणाला...

उठा मास्तर. उठा, वही घ्या, टोपी घ्या. नाही, अजून शब्द नाहीत माझ्याकडे, संपले. भाकरी खिशात घाला आणि मागच्या दारानं जा, बस बाराला आहे. मला रडताना ह्या गावात कुणी बघितलेलं नाही, आणि आता तुम्ही बघायचं कारण नाही. जा म्हणते ना!