झुंबरचा हात

सिल्वासाच्या बसस्टँडवर विजयाबाई गलोंड्याच्या गाडीची वाट बघत होत्या. मागच्या बाकावर दोन कामगारांची बऱ्याच दिवसांनी गाठ पडली होती.

“झुंबर, कंपनीत तुझ्या जागी बसवलेला तो रोबोट खोकं ठेवलं की माझ्याकडे हात पुढे करतो.”

“कशाला रे, नवनाथ?”

“तुझ्याच हाताला सेन्सरचे पट्टे बांधून शिकवलंय त्याला. तेव्हा तू मला चोरून तंबाखू द्यायचास, तेही शिकला.”

“साहेबांनी चालू दिलं?”

“ती सवय काढणार होते. मीच म्हटलं, राहू द्या. तू गेलास तो गेलास, एक फोन नाही. तो निदान हात तरी पुढे करतो.”

“काम गेल्यावर काय बोलणार होतो?”

“जाऊ दे. मळ आता तंबाखू.”

“सोडली मी.”

“मग नुसता हात दे.”