साहेबाच्या खुर्चीवर जप्ती

सरकार पैसे देत नाही म्हणून रडता काय रे? मी मुलुंडला गटार बांधलं, त्याला शेवाळ धरलं तरी बिल निघेना. शेवटी कोर्टात गेलो, जिंकलो, आणि जप्तीचा हुकूम घेऊन बेलिफासकट साहेबाच्या केबिनमध्ये घुसलो.

बेलिफ म्हणाला, "साहेब, उठा. खुर्ची जप्त करायचीय."

तेवढ्यात बाहेरच्या बाकावरचा एक माणूस धावत आत आला. "हात लावू नका! खुर्ची मी पुरवलीय, माझं बिल बाकी आहे."

"मग एसी काढा," मी म्हटलं.

शिपाई म्हणाला, "काका, तो भाड्याचा आहे. भाडंही थकलंय."

बेलिफ वैतागला. "मग इथे सरकारचं आहे तरी काय?"

शिपायाने हळूच साहेबाकडे बोट दाखवलं.

मी म्हटलं, "हा नको रे बाबा! घरी नेला तर माझ्या बायकोने पाणी मागितलं तरी 'उद्या या' म्हणेल."

सगळं ऑफिस हसलं. साहेब लालबुंद झाला, पण संध्याकाळच्या आत माझा चेक निघाला.

खुर्चीवाला अजून त्याच बाकावर बसतो. त्याला म्हटलं, "येड्या, तूही कोर्टात जा. फक्त हा बाक जप्त करू नकोस, तोही कोणीतरी उधारीवर दिला असेल."