सुजातावहिनीची शेवटची जोडणी

इथल्या अष्टमी गावातल्या शेजाऱ्यांनो, शिफ्ट बदलून आलेल्या कंपनीतल्या मंडळींनो, आणि पेणच्या खाडीकाठून टेम्पो करून आलेल्या माझ्या गावच्या बायांनो, सगळ्यांना नमस्कार.

मी मंदा. सुजातावहिनीची नणंद. रडायचं नाही असं घरून ठरवून आले होते, आणि इथे तिचा फोटो बघितल्याबरोबर पदर डोळ्यांना लावला. पण नणंद बोलायला उभी राहिली आणि न बोलता बसली, असं आमच्या घराण्यात झालेलं नाही. हे वहिनीच म्हणायची. म्हणून बोलते. आणि मी रडगाणं गाणार नाही. मला तिचा अभिमान आहे, तो सांगायला उभी आहे.

वहिनी इथे रोह्याच्या कंपनीत इन्स्ट्रुमेंट विभागात मीटर आणि त्यांच्या वायरी सांभाळायची, हे तुम्हाला ठाऊक आहे. गेल्या महिन्यात सकाळच्या शिफ्टला निघाली आणि जिन्यातच कोसळली. दवाखान्यात न्यायलाही वेळ मिळाला नाही. पण घरी आल्यावर ती काय करायची, हे किती जणांना ठाऊक आहे? तिनं एक वाद्य बनवलं होतं. मॉड्युलर सिंथेसायझर, विजेवर सूर काढणारं. लाकडी पेटीत सुटे सुटे भाग, आणि ते एकमेकांना जोडणाऱ्या रंगीत वायरी. दादा चिडवायचा, "घरातपण कंपनी आणलीस तू!" ती म्हणायची, "कंपनीत मला गाऊ कोण देतं?"

त्यात एक सिक्वेन्सर होता. एका ओळीत आठ नॉब, रेडिओचा आवाज वाढवायला असतात तसे. प्रत्येक नॉब म्हणजे एक सूर. दिवा ओळीतून धावतो, जिथे पोचतो तो सूर वाजतो, आणि ओळ संपली की पुन्हा पहिल्यापासून. अशा दोन ओळी होत्या. कुठल्या ओळीनं कधी वाजायचं, त्यांची पाळी लावणारा एक स्विच होता. सिक्वेन्शियल स्विच. वहिनीचा सगळ्यात लाडका.

आता माझी आई. ही काय, समोरच बसली आहे. गावात गौरीच्या गाण्यांना आई पुढे असायची. ती ओळ धरायची, बाकीच्या बायका ती झेलायच्या, म्हणजे तिच्यामागून पुढची ओळ म्हणायच्या. मग तिच्या गळ्याचं ऑपरेशन झालं आणि आवाज गेला. त्या वर्षी गौरीच्या दिवशी आई मागच्या पडवीत भांडी घासत बसली. भांडी घासलेलीच होती, बायांनो. तीच पुन्हा घासत होती. आम्ही सगळ्यांनी बघितलं. वहिनीनं बघितलं आणि ती कामाला लागली.

तिनं आईला इथे अष्टमीच्या घरी आणलं, मशीनसमोर बसवलं आणि म्हणाली, "आई, हे नॉब फिरवा. तुमची चाल लावा." आई कानानं एकेक सूर लावत गेली. एक ओळ आईची, दुसरी ओळ झेलणाऱ्या बायकांची. वहिनीनं स्विच जोडला, सुरू केलं, आणि काय सांगू! प्रत्येक सुराला पाळी बदलायला लागली. एक सूर आईचा, एक बायकांचा, एक आईचा, एक बायकांचा. सगळ्या जावा एकदम भांडतायत असा आवाज. आईनं टेबलावर थाप मारली आणि बोट एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सरकवून दाखवलं. आधी माझी ओळ पुरी होऊ दे. वहिनी एवढी हसली! शेवटच्या नॉबवर दिवा पोचला की मगच पाळी बदलेल, अशी वायर तिनं टाकली. जमलं.

आणि तेवढ्यात आईनं दुसऱ्या ओळीची वायरच उपटली. वहिनीनं पुन्हा लावली. आईनं पुन्हा उपटली, आणि खिडकीतून पेणच्या दिशेनं हात केला. तिकडे बायका आहेत ना झेलायला!

ती दुसरी ओळ वहिनीनं किती मेहनतीनं बनवली होती, ते मला ठाऊक आहे. दुसरी कुणी असती तर वाद घातला असता. मी घातला असता. ती म्हणाली, "बरोबर हाय आईंचं." आणि ती पाळी मोकळी सोडली.

त्या गौरीला मशीननं आईची ओळ म्हटली आणि थांबलं. गावची आमची कमळाकाकी घाबरून म्हणाली, "बंद पडली का गो?" वहिनी म्हणाली, "बंद नाय पडली काकी, तुमची वाट बघते." मग काय झेललीत ओळ तुम्ही बायांनो! आई पेटीसमोर बसली होती. पुढे, तिच्या जागेवर. तेव्हापासून दरवर्षी ती तिथेच बसते.

वहिनीची एक रीत होती. वाजवून झालं की सगळ्या वायरी काढायच्या. त्या मशीनमध्ये जोडणी साठवता येत नाही, काढली की गेली. मी म्हणायचे, "एवढं छान जमलंय, राहू दे की." ती म्हणायची, "राहू दिलं तर उद्या नवं काय करू, मंदा?" पण त्या शेवटच्या सकाळी घाई झाली असणार. वायरी तशाच राहिल्या. दादानं खोली बंद केली. म्हणाला, "हात लावायचा नाय कुणी. तिच्या हातचं तेवढंच उरलंय."

यंदा आमच्याकडे सण नाही. कमळाकाकीनं निरोप धाडला होता की गाणी तिच्या अंगणात करू, मशीन द्या. पण वायरी काढून झाकण लावल्याशिवाय पेटी टेम्पोत चढत नाही. दादा नाही म्हणाला. बायकांनीही ताणलं नाही. म्हणजे आई पुन्हा मागच्या पडवीत.

आज सकाळी आईनं दादाचा हात धरून त्याला त्या खोलीत नेलं आणि मशीन चालू केलं. वाजलं. कुणाच्याच ओळखीची चाल नव्हती. वहिनी काहीतरी नवं लावत होती. दोघं उभ्यानं ऐकत राहिली. बऱ्याच वेळानं आईनं मशीन बंद केलं, एक वायर काढली आणि दादाच्या हातात दिली. तो ती हातात घेऊन रडला. इतक्या दिवसांत पहिल्यांदा. मग दुसरी वायर त्यानं स्वतः काढली. तिसरीही. सगळ्या काढल्या.

दादा, मला तुझाही अभिमान आहे रे.

पेटी आता मोकळी आहे. जोडायचं मला येतं, तिनंच शिकवलंय. कमळाकाकी, परत जाताना टेम्पोत जागा ठेव गो. मशीन तुमच्याबरोबर येतंय, आणि आईपण येतेय.

आता सगळे उभे राहू या. दोन मिनिटं कुणी काही बोलू नका, तिची आठवण काढा. सुजातावहिनी, नणंदेचा नमस्कार घे.