झारेम्बा आलाच नाही

गेनोवेफा : ती पटाशी खाली ठेवा आधी! उद्या सर्वसंतांचा दिवस, सगळं गाव थडगी घासतंय, आणि तुम्ही डॉक्टरसाहेबांच्या थडग्यावरचा फोटो उचकटताय? थांबा, पोरगी पाणी घेऊन येऊ दे, तिलाच पाठवते फादरकडं.

लुडोमिर : फोटो माझाय, बाई. तोंडाकडं बघा की नीट.

गेनोवेफा : दिसता खरे तसेच. भाऊ का त्यांचे?

लुडोमिर : कसला भाऊ! मीच तो. लुडोमिर झारेम्बा, नट. हा डॉक्टर टीव्हीच्या मालिकेतला, खोटा. त्याची वाक्यं भिकार आहेत असं मी दिग्दर्शकाला सगळ्यांसमोर म्हणालो, तर पुढच्याच भागात त्यानं मला ट्रकखाली घातलं. पुरण्याचं शूटिंग इथं केलं, ते संपलं, शवपेटी परत नेली, दगड तेवढा इथंच टाकून गेले. खाली नुसती माती आहे.

गेनोवेफा : मग यंदा दगड कलला कसा? खाली माणूस असला की कलतो तसा. आणि मी होते त्या दिवशी, रडणाऱ्या बायकांत. आमच्या फादरनी प्रार्थना म्हटली.

लुडोमिर : तीच तर बोंब! फादरचं काम करणारा नट पिऊन पडला, म्हणून यांनी खरा फादर धरून आणला. म्हातारा म्हणाला, खोटी प्रार्थना मी म्हणत नाही, बाप्तिस्म्याचं नाव सांगा. आणि कुठल्या तरी गाढवानं माझं सांगितलं! मी पेटीत डोळे मिटून, आणि माझ्याच नावानं तोंडावर पवित्र पाणी!

गेनोवेफा : उठून बसायचं होतंत.

लुडोमिर : कॅमेरा चालू असताना? नट आहे मी!

गेनोवेफा : मग भोगा.

लुडोमिर : भोगतोच आहे. सिनेमात जर्मनांनी मला कितीदा गोळ्या घातल्या, दर वेळी उठून चहा प्यायलो. त्या दिवशी उठलो, तर चहावालीनं माझ्या आरपार बघून मागच्याला कप दिला. तेव्हापासून एक काम नाही. चाचणीला जातो, सगळे संवाद म्हणतो, आणि ते दाराकडं बघून ओरडतात, ‘पुढचा पाठवा, झारेम्बा आलाच नाही.’ सोमवारी पुन्हा चाचणी आहे. हा फोटो निघाला की सुटलो.

गेनोवेफा : मला तर दिसताय.

लुडोमिर : तेच कळत नाही. वॉर्सापासून इथवर तुम्ही पहिल्याच.

गेनोवेफा : त्यात न कळण्यासारखं काय? हे तोंड मी दर शनिवारी पुसते. राहू द्या तो फोटो. ऐका माझं.

लुडोमिर : पुसा आता दुसऱ्या कुणाचं तरी!

(पटाशीचा घाव. चिनी मातीचा फोटो दगडावर पडून फुटतो.)

लुडोमिर : निघाला! निघाला एकदाचा! आता म्हणा बाई, लुडोमिर झारेम्बा, तू जिवंत आहेस. म्हणा ना... बाई? इकडं. इकडं बघा.

बोझेना : आई, पाणी आणलं. कुणाशी बोलत होतीस गं?

गेनोवेफा : मी? कुणाशी नाही. डॉक्टरसाहेबांचा फोटो पडलाय बघ.

लुडोमिर : मी पाडला! बाई, मी!

बोझेना : चुराच झालाय की. कसे दिसायचे गं ते?

गेनोवेफा : काय की. आठवत नाही बघ. एक दिवा दे इकडं. याचं कुणी नाही.