मैना हलली नाही

बाबा : हलू नकोस.

मुलगी : मी की मैना?

बाबा : मैना. तू कशी उभी राहतेस याला मार्क नसतात.

मुलगी : डॉक्टर आता दवाखान्यातून उठतील, बाबा. चला.

बाबा : उद्या शो आहे. शेपटी विंचरायची राहिलीय.

मुलगी : हिचे दात, कान, कंबर, सगळं तपासून आणलंत. स्वतःची छाती कधी दाखवणार?

बाबा : माझ्या छातीकडे बघतंय कोण? परीक्षक कुत्र्याकडे बघतो. पट्टा धरणारा दिसताच कामा नये.

मुलगी : घरी तरी कुठे दिसतो!

बाबा : टोमणे नंतर. कंगवा दे. हा नव्हे, बारीक दातांचा.

मुलगी : मग परवा नक्की? मैनेची शपथ घ्या.

बाबा : उद्या स्पर्धा आहे तिची, भलतंसलतं नको. तुझी घेतो.

(पुढच्या आठवड्यात, त्याच खोलीत. बाबा आता नाहीत. भेटायला आलेले काका वर्षानुवर्षं स्पर्धेत बाबांच्या विरुद्ध कुत्री उतरवत आलेत. मैना टेबलापाशी.)

काका : पाठ अजून सरळ आहे हो हिची... माफ कर. आधी तुझी विचारपूस करायला हवी होती.

मुलगी : असू दे. तुम्ही रिंगमध्ये शेजारीच होतात ना?

काका : अगदी शेजारी. तो गुडघ्यांवर बसला. आम्हाला वाटलं, मैनेचे मागचे पाय नीट लावतोय.

मुलगी : कोणीच गेलं नाही?

काका : परीक्षक बघत असताना दुसऱ्याच्या कुत्र्याजवळ जात नाहीत गं. कुत्रं बिचकतं.

मुलगी : परीक्षक काय म्हणाले?

काका : "छान. आता चालवून दाखवा."

मुलगी : आणि मैना?

काका : हलली नाही. स्ट्रेचर आलं, तरी नाही. अशी उभी राहिलेली कुत्री मी जन्मात पाहिली नाही.

मुलगी : मग?

काका : पहिला नंबर दिला तिला. माझ्या कुत्र्याला दुसरा. हरकत घ्यायला जागाच नव्हती. हा बघ चषक. कुठे ठेवू?

मुलगी : कपाट भरलंय. फ्रिजवर ठेवा.

काका : लहानपणापासून दर रविवारी तुला घरी ठेवून शोला यायचा तो. कुत्र्यांचा रागच असेल तुला.

मुलगी : नाही.

काका : त्याला कधी काही बोललीस?

मुलगी : नाही. कुत्री गुणीच होती सगळी, काका. मला रविवारी बाबा हवे होते.